एका चुलीचीं माणसें

दारिद्र्य मोजण्याची विद्या आपल्याकडे आली त्यास आतां शंभर वर्षें होऊन गेलीं. पुण्याच्या शेतकी कॉलेजचे प्रिन्सिपॉल डॉ. हॅरॉल्ड मॅन यांनीं पिंपळे सौदागर या गांवची घरोघर चौकशी करून ती १९१७ सालीं प्रसिद्ध केली. घर नुसत्या जमिनीवर तगतें कीं बाहेरच्या मजुरीची जोड मिळून तगतें, हे हिशेब त्यांनीं निराळे ठेवले. पुढें १९७१ सालीं दांडेकर आणि रथ यांनीं माणशीं रोजच्या २,२५० उष्मांकांवरून दारिद्र्याची रेषा ठरविली. अशा गणितांत भागावयाचें तें घरांतील माणसांनीं. आणि घर म्हणजे एका चुलीवर जेवणारीं माणसें, असें आपण सारे धरून चालतों.

ही व्याख्या कोठें अपुरी पडते हें पाहावयाचें असल्यास जुन्नर व आंबेगांव तालुक्यांच्या पश्चिमेस जावें. भीमाशंकराच्या बाजूचा हा मुलूख महादेव कोळ्यांचा. पाऊस उदंड; परंतु भात, नाचणी, वरई आणि उन्हाळ्यांतला हिरडा एवढ्यावर वर्ष निभत नाहीं. घोड नदीवर डिंभें येथें धरण झालें. ज्या गांवावरून तालुक्यास नांव पडलें तें आंबेगांव त्यांत बुडालें, आणि कालव्याचें पाणी पूर्वेकडील बागाइतास गेलें. त्या बागाइतांत राबावयास हींच डोंगरची माणसें नारायणगांवच्या मजूर-बाजारांत उभीं राहतात. मजुरी ठरली कीं शेतकऱ्याबरोबर जातात, आणि काम संपेपर्यंत त्याच्याच रानांत चूल मांडतात.

घोडेगांवापलीकडील एका वाडींत आम्ही विद्यार्थ्यांसह अशीच चौकशी करावयास गेलों होतों. तक्त्यांतला पहिलाच प्रश्न, घरांत माणसें किती? दारांत एक म्हातारी दोन नातवंडांस घेऊन बसली होती. ती म्हणाली, "मास्तर, आवणीला सात, आज तीन. तुमच्या कागदाला कंचीं पायजेत?" लेक व सून मजुरीस गेलीं होतीं, तान्ह्या मुलास सांभाळावयास थोरली मुलगी शाळा सोडून त्यांच्याबरोबर गेली होती.

विद्यार्थ्यांत वाद माजला. मिळकत तिघांत भागावी, तर घर सुखवस्तु ठरतें. सातांत भागावी, तर रेषेखालीं जातें. दोन चुलींचें सरपण, तेलमीठ कोठें मांडावें यास तक्त्यांत रकानाच नव्हता. मुलीच्या नांवापुढें शिक्षणाच्या रकान्यांत 'पांचवी' एवढेंच लिहिलें गेलें. मजुरीच्या जमेंतून तिची शाळा वजा झाली, ही गोष्ट कोठेंच लिहिली गेली नाहीं.

आपला मुलगा अमेरिकेस गेला तरी तो आपल्याच घरचा म्हणून आपण मोजतों. दहाबारा कोसांवर कांदे काढणारा लेक मात्र मोजणींतून सहज गळतो. वास्तविक दारिद्र्याची पहिली झळ ताटाला नव्हे, पंक्तीला लागते. म्हणून किती मिळवितां, या प्रश्नाच्या जोडीस आणखी एक प्रश्न अशा तक्त्यांत असावा असें आम्हांस वाटतें: वर्षांतून किती महिने तुम्ही सगळीं एकत्र जेवतां?