शून्यलब्धि

गणितांतील कांहीं नियम पाहतांक्षणींच मनाला पटतात. कांहीं मात्र परक्या घरांतील रीतिरिवाजांसारखे असतात. ते निमूटपणें पाळावयाचे, कारण विचारावयाचें नाहीं. विकलनाचे नियम बहुतेक विद्यार्थ्यांना या दुसऱ्या जातीचे वाटतात.

माझी मुलगी यंदा अकरावीला आहे. माझें शिक्षण कलाशाखेचें; दहावीनंतर गणिताची व माझी ताटातूट झाली ती कायमची, अशी माझी समजूत होती. परंतु गेले कांहीं महिने तिच्या पुस्तकांतून मीहि हें प्रकरण शिकत आहें. रात्रीं जेवणें आटोपलीं कीं ती नियम म्हणते, आणि आजोबा आमचे पाढे ऐकत तसा मी ऐकत बसतों. क्षच्या वर्गाचा विकलज दोन क्ष; घनाचा विकलज तीन गुणिले क्षचा वर्ग; बेरजेचा विकलज म्हणजे विकलजांची बेरीज. येथपर्यंत सारें सुरळीत चालतें. गाडें अडतें तें गुणाकारापाशीं. बेरजेवरून पाहतां गुणाकाराचा विकलज हा विकलजांचा गुणाकार असावा, असें कोणालाहि वाटेल. पुस्तक निराळेंच सांगतें: पहिलें पद तसेंच ठेवून त्यानें दुसऱ्याच्या विकलजाला गुणावें, मग दुसरें तसेंच ठेवून पहिल्याच्या; आणि दोहोंची बेरीज घ्यावी.

“असें कां?” मीं विचारलें.

“बाबा, ‘कां’ परीक्षेंत विचारत नाहींत,” ती म्हणाली.

चार वर्षांची असतांना हीच मुलगी, चंद्र आपल्याबरोबर कां चालतो असें विचारून मला झोपूं देत नसे. तिचें तें उत्तर मला कमी गुणांपेक्षां अधिक लागलें.

पलंगावर माझ्या आईनें शिवलेली एक लहान गोधडी होती. ती मीं जमिनीवर पसरली. समजा, हिची लांबी साठ बोटें आणि रुंदी चाळीस. दोन्ही मापें एकेक बोट वाढविलीं, तर एका कडेला साठांची पट्टी जोडावी लागेल, दुसरीला चाळिसांची, आणि कोपऱ्यांत एकाचें चौकोनी ठिगळ. एकंदर वाढ १०१. वाढ बोटाच्या दशांशाइतकीच केली, तर पट्ट्या मिळून १० होतात आणि ठिगळ अवघें एक शतांश. वाढ जसजशी सूक्ष्म करावी, तसतसें ठिगळ पट्ट्यांच्या मानानें नगण्य होत जातें. शेवटीं हिशेबांत उरतात त्या दोन पट्ट्या. नियमांतील दोन पदें तींच. आणि विकलजांचा नुसता गुणाकार करणें म्हणजे काय? तर पट्ट्या फेंकून देऊन ठिगळ तेवढें जपणें!

ती क्षणभर गप्प राहिली. मग तिनें कागद ओढून तीन पदांच्या गुणाकारासाठीं एक पेटी काढली. पेटी वाढविली कीं तीन बाजूंना तीन थर, तीन कडांना तीन कांबी आणि एक कोपरा. “कांबी आणि कोपरा जाणार,” ती म्हणाली, “म्हणजे पदें तीनच.” हें उत्तर तिनें पुस्तक न उघडतां काढलें होतें.

लायब्निट्सच्या ११ नोव्हेंबर १६७५ च्या टिपणांत हाच प्रश्न आढळतो: गुणाकाराचें विकलन म्हणजे विकलनांचा गुणाकारच कीं काय? तें तसें नाहीं, हें त्याच टिपणांत त्याच्या ध्यानांत आलें. परंतु १६८४ सालीं लाइप्झिगच्या नियतकालिकांत त्यानें हे नियम प्रसिद्ध केले, ते सिद्धतेवांचून. जगाच्या हातीं नियम आला. त्यामागचा शोध कागदांतच राहिला.

नियम पाठ करणें त्याज्य आहे, असें मात्र मी म्हणणार नाहीं. दर वेळीं गोधडी पसरून क्षच्या दहाव्या घाताचा विकलज काढूं लागलें, तर रात्र सरेल. समजलेली गोष्ट पुन्हां पुन्हां समजून घेण्याचे श्रम वांचावेत, यासाठींच नियम असतो. पण तो समजुतीच्या मागून यावा. तिच्या जागीं येऊं नये.

१८४६ सालीं निवर्तलेल्या बाळशास्त्री जांभेकरांनीं या शास्त्राला मराठींत ‘शून्यलब्धि’ म्हटलें होतें. आजच्या पुस्तकांतून हें नांव गेलें याचें मला वाईट वाटतें. दोन्ही वाढी शून्याकडे जातात, आणि तरीहि त्यांच्या गुणोत्तरांतून हातीं कांहीं तरी ठाम लागतें, हें सारें मर्म त्या एका शब्दांत आहे. मुलीनें तो शब्द वहीच्या पहिल्या पानावर लिहून घेतला आहे. परीक्षेंत तोहि विचारणार नाहींत.