ट्रंकेतला खेळ

धर्मगुरूच्या आयुष्यात बदल्यांना तोटा नाही. मे महिन्यात बिशपांचे पत्र यावे आणि जूनचा पहिला पाऊस नव्या धर्मग्रामाच्या अंगणात पाहावा, हा क्रम आता आमच्या अंगवळणी पडला आहे. आमचा संसार तो केवढा! पुस्तकांचे चार खोके, कपड्यांची एक बॅग, आणि सेमिनरीत जाताना वडिलांनी घेऊन दिलेली पत्र्याची ट्रंक. ही ट्रंक प्रत्येक बदलीत आमच्याबरोबर हिंडते. मात्र ती तळापर्यंत रिकामी करण्याचा योग क्वचितच येतो. २०२४ च्या मे महिन्यात तो आला. तळाशी जुन्या प्रवचनांच्या वह्या होत्या, आणि त्यांच्याखाली रुमालात गुंडाळलेले, विटेएवढे जाड, करड्या रंगाचे एक यंत्र. सोबत प्लॅस्टिकच्या डबीत तीन लहान कार्ट्रिज.

वस्तू पाहताच आम्ही मटकन खाटेवर बसलो.

गोष्ट २००१ सालची. आम्ही तेव्हा साहाय्यक धर्मगुरू होतो, वय तिशीच्या आसपास, आणि शिस्तीचे वेड अंगात भिनलेले. रविवारच्या धर्मशिक्षण वर्गात मागच्या बाकावरून टिंग टिंग असा आवाज आला. अकरा वर्षांचा एक मुलगा बाकाखाली 'गेम बॉय' धरून बसला होता. बाप कुवेतला नोकरीस; दोन वर्षांनी सुटीवर येताना त्याने दोघा मुलांत मिळून हा एक खेळ आणला होता. आम्ही तो काढून घेतला. चार दिवसांनी थोरला भाऊ कार्यालयात आला. पंधरा वर्षांचा असेल. हात मागे बांधून उभा राहिला आणि म्हणाला, "फादर, चूक त्याची आहे, पण खेळ माझापण आहे." आम्ही म्हणालो, "आईला घेऊन ये." आई वाडीत राबणारी, भिडस्त बाई. ती आली नाही. पुढच्या उन्हाळ्यात आमची बदली झाली आणि खेळ आमच्या ट्रंकेतून आमच्याबरोबर गेला.

२०१० साली थोरला लोकलमधून पडून गेला. आम्ही अंत्यविधीस गेलो, आईचे हात हातात घेतले, चार शब्द बोललो. त्या दिवशीही ट्रंक आमच्या खाटेखालीच होती, आणि आम्हांला तिची आठवणसुद्धा झाली नाही.

चोरीचे पाप नुसते निवेदन करून भागत नाही, वस्तू परत करावी लागते, हे आम्ही सेमिनरीत नीतिशास्त्राच्या तासाला शिकलो आणि पुढे सारी वर्षे लोकांना शिकवीत आलो. आता ते आमच्याच दाराशी येऊन उभे होते. आम्ही आईला निरोप पाठवला. उत्तर आले: धाकटा कॅनडाहून नाताळात यायचा आहे, त्याच्याच हाती द्या. हाती सात महिने होते.

परत करायचे तर चालू स्थितीत, असे ठरवून आम्ही गायकवृंदात की-बोर्ड वाजवणाऱ्या, इंजिनिअरिंग शिकणाऱ्या एका युवकाला बोलावले. त्याने यंत्राची पाठ उघडली. चार पेन्सिल सेल तेवीस वर्षे आतच राहिले होते; ते फुटून त्यांतला क्षार पट्ट्यांवर हिरवापांढरा साचला होता. आम्ही शिस्त लावायला निघालो होतो, आणि सेल काढून ठेवण्याएवढीही शिस्त आम्हांला नव्हती. युवकाने व्हिनेगर मागितले. कापसाच्या बोळ्याने पट्ट्या पुसता पुसता त्याने आम्हांला त्या यंत्राची कुळकथा सांगितली, आणि खरे सांगायचे तर आम्ही तीत रमलो.

हे यंत्र जपानच्या निन्तेंदो कंपनीने १९८९ साली काढले. ते घडवणाऱ्यांत गुनपेई योकोई हे प्रमुख. नव्यात नवे, महागात महाग तंत्र न वापरता, जुने, स्वस्त, पुरते पारखलेले तंत्र घेऊन त्याचा नवा उपयोग शोधावा, असे त्यांचे मत. म्हणून पडदा रंगीत नाही, त्याला स्वतःचा प्रकाश नाही. आडवे १६० आणि उभे १४४ ठिपके, एवढ्यावर सारे भागवलेले. त्यामुळे किंमत आवाक्यात राहिली आणि सेल पुष्कळ तास पुरले. योकोई १९९७ साली रस्त्यावरील अपघातात वारले.

ही कंपनी स्थापन झाली १८८९ साली, क्योतो शहरात, आणि तेव्हा ती 'हानाफुदा' नावाचे पत्ते बनवीत असे. जपानीत पत्त्यांना 'कारुता' म्हणतात, आणि तो शब्द पोर्तुगीज 'कार्ता'वरून आलेला. सोळाव्या शतकात पोर्तुगीज गलबतांबरोबर पत्ते जपानात उतरले. संत फ्रान्सिस झेवियर १५४९ साली ज्या कागोशिमास पोहोचले, ते त्याच काळातले, आणि तत्पूर्वी वसईलाही त्यांचे पाय लागले होते. गल्फमार्गे आमच्या बाकाखाली आलेल्या ह्या खेळाचे आमच्या किनाऱ्याशी इतके जुने दूरचे नाते निघावे, याची आम्हांला गंमत वाटली. असो.

नवे सेल घालून कळ दाबली. पडद्यावर वरून एक काळी पट्टी सावकाश उतरली आणि मध्येच थिजली. युवक म्हणाला, "घाबरू नका फादर, ओळख पटली नाही." कार्ट्रिज लावताच यंत्र आधी त्यातले कंपनीचे नाव वाचते, स्वतःजवळच्या नावाशी ताडून पाहते, आणि ठिपक्याचाही फरक निघाला तर पुढे जात नाही. कार्ट्रिजच्या दातांवर मळ असला की नाव चुकीचे वाचले जाते. मुले अशा वेळी कार्ट्रिजमध्ये फुंकर मारीत. तोंडातल्या ओलीने दात अधिकच खराब होतात, हे आम्हांलाही नवे. त्याने शुद्ध अल्कोहोलने दात पुसले. दुसऱ्या खेपेस नाव स्वच्छ उतरले आणि तो आवाज झाला, २००१ सालचा तोच.

खेळ होता 'पोकेमॉन रेड'. हा एका बैठकीत संपणारा खेळ नव्हे. जिथवर मजल गेली तिथे ती साठवून ठेवायची आणि दुसऱ्या दिवशी तिथून पुढे निघायचे. पडद्यावर चौकट आली: खेळाडूचे नाव, बिल्ले ६, वेळ ७१ तास. नाव थोरल्याचे होते. सातच अक्षरे मावतात, म्हणून शेवटचे अक्षर गाळलेले. आम्ही युवकाला यंत्र बंद करायला सांगितले.

त्याने समजावले की ही साठवण कार्ट्रिजमधल्या नाण्याएवढ्या बॅटरीच्या जोरावर टिकून आहे. स्मृती असते ३२ किलोबाइटची. आमच्या एखाद्या प्रवचनाची संगणकातली फाईलही याहून मोठी भरेल. परंतु बॅटरीचा प्रवाह क्षणभर तुटला की सारे पुसले जाते. ती बदलायची तर कथिलाचा डाग काढून जुनी सोडवावी लागते, आणि त्याच क्षणी साठवण नष्ट. अशा बॅटऱ्या दहा-पंधरा वर्षांतही दम तोडतात. ही अजून जिवंत होती, पण उद्याचा भरवसा कोणी द्यावा? म्हणून आधी प्रत काढायची, आणि ती चालवायला एक फ्लॅश कार्ट्रिज घ्यायची, असे ठरले.

फ्लॅश कार्ट्रिज बाहेरून जुन्या कार्ट्रिजसारखीच दिसते. मात्र तिच्या डोक्यावर मेमरी कार्डाची फट असते. कार्डात खेळाची प्रत ठेवली की ती आपल्या पोटात घेते आणि यंत्रापुढे मूळ कार्ट्रिजचा वेष धारण करून उभी राहते. जुन्या यंत्राला एका वेळी कार्ट्रिजचा फक्त ३२ किलोबाइटचा भाग दिसतो. 'टेट्रिस' तेवढ्यात मावतो. पण 'पोकेमॉन रेड' आहे एक मेगाबाइटचा. तो पुस्तकाची पाने उलटावीत तसा तुकड्यातुकड्याने समोर आणावा लागतो, आणि हे पाने उलटण्याचे काम मूळ कार्ट्रिजमधली एक चकती करते. फ्लॅश कार्ट्रिज त्या चकतीचीही नक्कल करते. युक्रेनमधील एका अभियंत्याची 'एव्हरड्राइव्ह' ही मालिका ह्या क्षेत्रात प्रसिद्ध आहे. दारातली ती ओळख अर्थात हिलाही पटवावी लागते.

सामान पोस्टाने येईपर्यंत तीन आठवडे गेले. त्या तीन आठवड्यांत ती डबी आम्ही तिजोरीत, बाप्तिस्म्याच्या नोंदवह्यांशेजारी ठेवली होती. रात्री विजा चमकल्या तरी उगाच धास्ती वाटे.

कार्ट्रिज वाचणारे एक छोटे यंत्र संगणकाला जोडून युवकाने प्रथम साठवण उतरवली. काही क्षणांत काम झाले. आमच्या आग्रहावरून त्याने ती तीनदा उतरवली आणि तिन्ही प्रती ताडून पाहिल्या. मग खेळ उतरवला. डबीतल्या 'टेट्रिस' आणि 'सुपर मारिओ लँड'च्याही प्रती घेतल्या. नंतर तो सहज म्हणाला, "फादर, कार्डात जागा भरपूर आहे. गेम बॉयचे सगळेच खेळ टाकून देतो, हजारभर असतील. फुकट मिळतात."

आम्ही नको म्हणालो. इतरांच्या श्रमाची वस्तू विचारल्यावाचून घेणे ती घेणेच. कायदाही आम्ही पाहून ठेवला होता: आपल्या १९५७ च्या कॉपीराइट कायद्याचे कलम ५२ संगणकीय कार्यक्रमाची प्रत कायदेशीरपणे बाळगणाऱ्याला, ती नष्ट होऊ नये म्हणून राखीव प्रत काढण्याची मुभा देते, दुसऱ्याच्या प्रतीवरून घेण्याची नव्हे. युवक हुशार. त्याने २०२३ सालचा एक अभ्यास सांगितला: अमेरिकेत २०१० पूर्वी निघालेल्या खेळांपैकी ८७ टक्के आज बाजारात विकतच मिळत नाहीत. जे कोणी विकतच नाही, ते घेतल्याने नुकसान कोणाचे? आणि कोणीच प्रती ठेवल्या नाहीत, तर ते उरतील कसे? प्रश्न पोकळ नव्हता. उलट बाजूस, निन्तेंदोच्याच पुढच्या 'डीएस' यंत्रासाठी निघालेल्या अशा कार्ट्रिजांच्या विक्रीविरुद्ध २००९ साली टोकियोच्या न्यायालयाने आणि २०१० साली इंग्लंडच्या उच्च न्यायालयाने निकाल दिले आहेत. खेळांचे जतन व्हावे, पण ते ग्रंथालयासारख्या जबाबदार संस्थेने उघडपणे करावे, आमच्यासारख्याने कार्डात हजार खेळ कोंबून नव्हे, असे आमचे मत पडले. आम्ही ते जरा लांबवूनच सांगितले असावे. युवकाने ऐकून घेतले आणि निर्मळ मनाने विचारले, "बरोबर आहे फादर. पण म्हणजे हा गेम बॉय तुम्ही विकत घेतलेला ना?"

मग आम्ही त्याला सारे सांगितले. तो काही बोलला नाही. मान खाली घालून कार्ड तयार करू लागला.

कार्डानेही थोडी परीक्षा पाहिली. ते चौसष्ट गिगाबाइटचे, आणि एवढी मोठी कार्डे येतात ती ज्या मांडणीची, ती ह्या कार्ट्रिजला वाचता येत नाही. ते पुसून 'फॅट ३२' ह्या जुन्या मांडणीत बसवावे लागले. मग कार्ट्रिजच्या स्वतःच्या प्रणालीचे फोल्डर अगदी वर ठेवले आणि खेळांना वेगळे फोल्डर केले. यादी दिसली, खेळ निवडला, आणि पडद्यावर फक्त 'नवा खेळ' एवढाच पर्याय आला. आमच्या पोटात गोळा आला. युवकाने शांतपणे कार्ड काढले. साठवणीच्या फाईलचे नाव अक्षरशः खेळाच्या फाईलचेच असावे लागते. आमच्या तीन प्रतींच्या हट्टापायी त्याने नावापुढे आकडा घातला होता. तो आकडा काढला, आणि चौकट आली. बिल्ले ६, वेळ ७१ तास.

नाताळानंतर दोन दिवसांनी आम्ही त्यांच्या घरी गेलो. धाकटा आता पस्तिशीकडे झुकलेला. आम्ही रुमाल सोडून सर्व वस्तू मेजावर मांडल्या आणि क्षमा मागितली. तो संकोचून म्हणाला, "फादर, वर्गात मीच काढला होता." वर्गात काढला ती त्याची चूक, परत दिला नाही ती आमची, असे आम्ही म्हणालो. आई तेवढ्यात कॉफी घेऊन आली. ती म्हणाली, "मोठा तीन वेळा आला होता तुमच्याकडे. दोनदा तुमची भेट नाही झाली."

आम्हांला एकच भेट ठाऊक होती.

मूळ कार्ट्रिजचे काय करायचे, ते आम्ही त्याच्यावर सोपवले. बॅटरी बदलून प्रतीवरून साठवण पुन्हा तीत भरता येते. ठिपक्याचाही फरक पडत नाही. तो थोडा वेळ विचारात पडला. मग म्हणाला, "राहू दे फादर. त्याने भरलेली आहे, ती आहे तोवर तशीच राहू दे." कार्ट्रिज त्याने आईच्या हाती दिली. तिने ती पदराने पुसून थोरल्याच्या तसबिरीपुढे ठेवली.

मग त्याने फ्लॅश कार्ट्रिज लावली. पडद्याला प्रकाश नसल्याने यंत्र घेऊन तो खिडकीपाशी गेला, लहानपणी जात असेल तसा. आईने चष्मा लावून वाकून पाहिले. त्याने तिला ते अपुरे नाव दाखवले, मग खेळ उघडला. एका दारासमोर एक चिमुकला मुलगा उभा होता. "हे दार मला उघडू द्यायचा नाही तो," धाकटा म्हणाला, "मी आल्याशिवाय जायचं नाही म्हणायचा." त्याने बटण दाबून त्या मुलाला एक पाऊल पुढे नेले, क्षणभर पाहिले, आणि काही न साठवता यंत्र बंद केले.

आईने विचारले, "कॉफी गार झाली का, फादर?" ती झाली होती. आम्ही तशीच घेतली.