कॅलेंडरने निकाली काढलेला अर्ज

'इन्फ्रक्चुअस' हा शब्द बहुतेक फौजींना कोर्टाच्या कागदावरच पहिल्यांदा भेटतो. अर्थ सोपा आहे: अर्ज पेंडिंग असतानाच परिस्थिती अशी बदलली, की मागितलेलं आता देताच येत नाही. मग चूक कोणाची होती हे न ठरवताच अर्ज निकाली निघतो.

मी राजस्थानात पोस्टिंगला असताना आमच्या एका हवालदाराला मेडिकल कॅटेगरीच्या कारणावरून दोन वर्षांची मुदतवाढ नाकारली गेली. मुलगी बारावीत, डोक्यावर घराचं कर्ज. त्यानं आधी लेखी दाद मागितली, उत्तराची वाट पाहिली आणि मग अर्ज दाखल केला. नोटीस, उत्तर, प्रत्युत्तर, पुढची तारीख. दरम्यान तो पेन्शनवर गेला. मागितलेली दोन वर्षंही सरली आणि अर्ज इन्फ्रक्चुअस ठरला. त्याचा फोन आला, "साहेब, म्हणजे मी हरलो का?" मी म्हणालो, "नाही, तुमचं म्हणणं कोणी तपासलंच नाही." त्यावर तो काही बोलला नाही.

अशा केसमध्ये समोरच्या बाजूला जिंकायची गरजच उरत नाही. दर वेळी आणखी चार आठवडे मिळाले की पुरतात.

याच्या उलट उदाहरण आमच्या खडकवासल्याचं. २०२१ मध्ये मुलींना एनडीएची परीक्षा देऊ द्यावी, ही याचिका सुप्रीम कोर्टात होती. एनडीएसाठी वयाची खिडकी जेमतेम तीन वर्षांची. अंतिम निकालाची वाट पाहिली असती, तर त्या वेळच्या अनेक मुलींचं वय निघून गेलं असतं. कोर्टानं १८ ऑगस्टला अंतरिम आदेश देऊन परीक्षेचा मार्ग मोकळा केला. सप्टेंबरात सरकारनं हे मे २०२२ पासून करू, असं सांगितलं. कोर्टानं ते मान्य केलं नाही. १४ नोव्हेंबरला परीक्षा झाली. ३० मे २०२५ रोजी पहिल्या तुकडीतल्या १७ मुलींनी 'अंतिम पग' ओलांडला. त्यांना तिथवर नेलं ते अंतरिम आदेशानं.

म्हणून दाद मागणाऱ्या जवानांना माझं सांगणं असतं: आधी कॅलेंडर समोर ठेवा. सशस्त्र दल न्यायाधिकरणाच्या २००७ च्या कायद्यानुसार साधारणपणे आधी खात्याकडे दाद मागावी लागते आणि उत्तर आलं नाही तर सहा महिने थांबावं लागतं. तेव्हा निवृत्तीच्या तारखेपासून मागे मोजत या. वकिलाला विचारा, अंतरिम दिलासा मागितला आहे का? लवकर सुनावणीचा अर्ज केला आहे का? आणि मुदतवाढ देणं अशक्य झालं, तर ती सेवा धरून पेन्शन आणि पगाराचा फरक द्यावा, अशी पर्यायी मागणी लिहिली आहे का? ती असेल तर तारीख उलटली तरी कोर्टापुढे ठरवण्यासारखं काहीतरी शिल्लक राहतं.

फौजीच्या निवृत्तीची तारीख काही अचानक उगवत नाही. ती त्याच्या सर्व्हिस रेकॉर्डवरून मोजता येते. ज्यांना तारीख द्यायची असते, त्यांच्याही समोर तोच कागद असतो.