जनानी तानपुरा

मी शाळेत असताना आजोबांनी मिरजेच्या सतारमेकर गल्लीतून माझ्यासाठी जनानी तानपुरा आणला. मर्दानी तानपुरा थोराड. हा आटोपशीर, काळी चारला छान बोलणारा. भोपळा मंगळवेढ्याकडचा आहे, हे आजोबा येणाऱ्या-जाणाऱ्याला ऐकवत. २०२४ साली मिरजेच्या सतार-तानपुऱ्यांना भौगोलिक मानांकन मिळालं, तेव्हा आजोबा हवे होते.

जवारी लावायला त्यांनीच शिकवलं. तार आणि घोडी यांच्यामध्ये सुताचा दोरा घालायचा आणि केसभर मागे-पुढे सरकवत राहायचं. दोरा नेमका बसला की सपक तार गुंजायला लागते. खर्जातून कुणीही न छेडलेला गंधार उमटतो. तो पहिल्यांदा ऐकला आणि ठरलं, मला गाणंच करायचं.

विशारद झाले, पुण्यातल्या एका बाईंनी गाणं शिकायला बोलावलं, आणि त्याच सुमारास आईच्या किडन्या निकामी झाल्या. आठवड्यातून दोनदा डायलिसिस, दर वेळी चार तास. पाणी मोजून द्यायचं, भाजी उकळून तिचं पाणी ओतून टाकायचं. भाऊ कोल्हापुरात नोकरीला. मी सांगलीत राहिले. राहा असं कुणी म्हणालं नाही. मुलगी घरात आहे म्हटल्यावर विचारायचं काय! तारा सैल करून तानपुरा गवसणीत गेला.

आईचं करणं मला कधी जड वाटलं नाही. तिच्या हातावर डायलिसिससाठी केलेल्या फिस्टुलाच्या जागी बोटं ठेवली की रक्ताची थरथर लागते. रोज सकाळी ती लागेपर्यंत माझा श्वास अडकलेला असतो. पण पहाटेचा खर्ज सुटला, त्याचंही दुःख तितकंच खरं आहे. ‘गाणं काय, नंतरही होईल,’ म्हणणाऱ्यांना गळा ठाऊक नसतो.

मला धीर द्यायला लोक गायिका गंगूबाई हनगलांचं उदाहरण देतात. त्यांच्या आई अंबाबाई कर्नाटक संगीत गायच्या. लेकीच्या हिंदुस्थानी गाण्यात ते मिसळू नये म्हणून त्यांनी आपलं गाणं बाजूला ठेवलं. तिथे लेकीच्या गाण्यासाठी घर सरकलं होतं, हे मात्र कुणी सांगत नाही.

दिवाळीला भाऊ आला तेव्हा मी सांगून टाकलं, “शनिवारचं डायलिसिस तुझं. शुक्रवारी रात्री ये. मी शनिवारी पुण्याला शिकायला जाणार.” तो वहिनीकडे बघत राहिला. आई पलंगावरून म्हणाली, “त्याला आधी भाजी उकळायला शिकव.”