व्हर्जिल हॉकिन्स : नावामागचा लढा

सुपरहिरो म्हणजे नवा अवतारवादच, आंबेडकरी तरुणांनी त्यात वेळ का घालवावा, असे काही कार्यकर्ते आम्हाला विचारतात. प्रश्न रास्त आहे. उद्धारकाची वाट पाहणे धम्माला मान्य नाही. तरीही २००० ते २००४ दरम्यान अमेरिकन टीव्हीवर आलेल्या ‘स्टॅटिक शॉक’ या कार्टून मालिकेची दखल घ्यावी, असे आमचे मत आहे.

तिचा नायक व्हर्जिल हॉकिन्स हा शाळकरी कृष्णवर्णीय मुलगा. अपघाताने विजेची शक्ती मिळालेला. तो आकाशातून अवतरत नाही. त्याचे वडील वस्तीत समाजकेंद्र चालवतात, आई दंगलीत गेलेली आहे. एका भागात तो गोऱ्या मित्राच्या घरी राहायला जातो आणि मित्राच्या बापाचा वर्णद्वेष त्याच्या कानी पडतो. तिथे विजेची शक्ती काय कामाची? जातीचा अपमान सोसलेल्याला हे समजावून सांगावे लागत नाही.

हे नावही खऱ्या माणसाचे आहे. व्हर्जिल हॉकिन्स यांना १९४९ मध्ये काळे म्हणून फ्लोरिडा विद्यापीठाच्या कायदा शाखेत प्रवेश नाकारला गेला. ते वर्षानुवर्षे कोर्टात लढले. १९५८ मध्ये त्यांनी स्वतःचा अर्ज मागे घेतला, त्या बदल्यात इतरांसाठी दार उघडले. ते स्वतः तिथे कधीच शिकले नाहीत. मुलांच्या करमणुकीत हा इतिहास कोणी पेरला? ज्यांचा तो होता त्यांनीच.

ड्वेन मॅकडफी, डेनिस कोवन आदी कृष्णवर्णीयांच्या माइलस्टोन कंपनीने १९९३ मध्ये हे पात्र कॉमिक्समध्ये आणले. छपाई आणि वितरण डीसी कॉमिक्सकडे दिले, पात्रांचे स्वामित्व मात्र स्वतःकडे ठेवले. पुढे वॉर्नर ब्रदर्सने मालिका काढली, तेव्हाही कोवन निर्मात्यांत आणि मॅकडफी लेखकांत होते.

बाबासाहेबांनी १९२० मध्ये ‘मूकनायक’ काढले ते याच कारणाने. दुसऱ्याच्या वर्तमानपत्रात आपल्यासाठी कोपरा मागत बसायचे नाही, पत्रच आपले हवे.

आज वेबसिरीजमध्ये एखादे दलित पात्र दिसले की आपण टाळ्या वाजवतो. टाळ्यांआधी विचारा : लिहिले कोणी? हक्क कोणाच्या नावावर? आपल्यातले जे तरुण चित्रे काढतात, अ‍ॅनिमेशन शिकतात, त्यांनी करारावर सही करण्यापूर्वी तो वाचावा. पडद्यावरचा चेहरा मालक केव्हाही बदलू शकतो, म्हणून मालकीसाठी भांडा.

जय भीम!