इकडील सर्व क्षेम

आमच्या घरी टपाल अजून येते, पण पत्र येत नाही. विजेचे बिल येते, बँकेचा छापील कागद येतो, कोणा अपरिचित दुकानदाराचे रंगीबेरंगी निमंत्रण येते. परंतु पाकिटावरचे अक्षर पाहताच आतला अर्धा मजकूर कळावा, आणि उरलेल्या अर्ध्यासाठी चहा निवू द्यावा, असे पत्र हाती येऊन किती वर्षे लोटली हे मला सांगता येणार नाही. म्हणून गेल्या दिवाळीपूर्वी साफसफाईच्या निमित्ताने माळ्यावरची आईची पत्र्याची ट्रंक खाली उतरवली आणि तीत निळ्या हवाई पत्रांचा गठ्ठा सुतळीने बांधलेला आढळला, तेव्हा साफसफाई तशीच राहिली. हातातला झाडू बाजूला ठेवून मी जमिनीवर बसलो तो दिवेलागणीलाच उठलो.

पत्रे दादाची होती. माझा थोरला भाऊ 1966 साली अमेरिकेत शिकागोला शिकावयास गेला. त्या काळी सांगलीहून अमेरिकेस जाणे म्हणजे काय होते, याची कल्पना आजच्या तरुणांस येणे कठीण आहे. त्याला पोचवून आल्यावर अण्णा दोन दिवस कोणाशी बोलले नाहीत. आई मात्र तिसऱ्या दिवसापासून पोस्टमनची वाट पाहू लागली, आणि पुढे अठ्ठावीस वर्षे, म्हणजे तिच्या अंतापर्यंत, तिने दुसरे काही केले नाही असे म्हटले तरी चालेल. दादाचे पत्र पंधरा दिवसांनी येई आणि त्यात पंधरा ओळी असत. ‘सा. न. वि. वि. इकडील सर्व क्षेम. थंडी पुष्कळ आहे. अभ्यास ठीक चालला आहे. तिकडील कुशल कळवावे.’ दादाचा स्वभावच मुळी अबोल. आई ते पत्र चार वेळा वाची, पाठीमागची बाजू उलटून पाही, आणि मग माझ्याकडे अशा नजरेने पाही की मीच काही ओळी लपवून ठेविल्या आहेत की काय, असे मला वाटावे.

अशा या कोरड्या दिवसांत आमच्या घरी दुसरा एक पत्रलेखक येऊ लागला. त्याचे नाव आलिस्टर कुक.

आमच्याकडे दिव्यांचा एक जुना रेडिओ होता. पोस्टात जाऊन त्याचा परवाना दरसाल भरावा लागे. कळ फिरवल्यावर तो तापेपर्यंत मिनिटभर थांबावे लागे, आणि माडीवर ताणलेली तांब्याची जाळी वाऱ्याने हलली की इंग्लंड देश गडप होऊन तिथे कढईत काही तळत असल्याचा आवाज येई. इंग्रजी सुधारावे या हेतूने मी रात्री बीबीसी लावीत असे. एके रात्री त्या तळणीतून एक आवाज वर आला. तो बातम्या सांगणाऱ्याचा ताठ आवाज नव्हता; जेवण आटोपून, पाय पसरून, सुपारी कातरीत बसलेल्या एखाद्या बहुश्रुत पाहुण्याचा होता. पाहुणा कुठल्याशा जंगलातील पानांच्या रंगाबद्दल बोलू लागला, तेथून सफरचंदांवर गेला, सफरचंदांवरून एका म्हाताऱ्या शेतकऱ्यावर, आणि शेतकऱ्यावरून नकळत राष्ट्राध्यक्षाच्या निवडणुकीवर येऊन पोचला. पंधरा मिनिटे संपली तेव्हा आपल्याला राजकारण शिकवले गेले आहे हे माझ्या ध्यानीही आले नाही. ‘लेटर फ्रॉम अमेरिका’ हे त्या कार्यक्रमाचे नाव.

हा गृहस्थ खरा अमेरिकन नव्हे. 1908 साली इंग्लंडातील सॉल्फर्ड येथे तो जन्मला आणि ब्लॅकपूल या समुद्रकाठच्या गावी वाढला. बाप लोखंडकाम करणारा आणि मेथडिस्ट पंथाचा हौशी प्रवचनकार. पहिल्या महायुद्धात काही अमेरिकन शिपाई त्यांच्या घरी उतरले होते. त्या मोकळ्या, हसऱ्या परदेशी माणसांची या मुलावर जी मोहिनी पडली ती कायमचीच. आईबापांनी ठेवलेले नाव आल्फ्रेड. ते बाविसाव्या वर्षी त्याने आपण होऊन बदलले. केंब्रिजला असताना त्याने स्त्रीपुरुष दोघांनाही प्रवेश असलेली नाट्यमंडळी काढली. त्या मंडळीत येऊ पाहणाऱ्या जेम्स मेसन नावाच्या विद्यार्थ्याला त्याने ‘बाबा, तू आपली वास्तुविद्याच शीक’ असा सल्ला दिल्याची गोष्ट तो पुढे स्वतःच सांगे. मेसन पुढे चित्रपटांतला केवढा नट झाला हे जुन्या प्रेक्षकांना सांगावयास नको. दुसऱ्याचे भविष्य वर्तवणाऱ्यांनी ही गोष्ट अवश्य लक्षात ठेवावी.

1932 साली शिष्यवृत्ती घेऊन कुक अमेरिकेस गेला. दोन वर्षांनी बीबीसीच्या चित्रपट-समीक्षकाची जागा रिकामी झाल्याची बातमी तेथील वर्तमानपत्रात वाचून त्याने तारेने अर्ज केला व ती जागा मिळवली. तो इंग्लंडला परतला, परंतु मन परतले नव्हते. 1937 साली तो अमेरिकेत जाऊन कायमचा राहिला आणि 1941 च्या डिसेंबरात, पर्ल हार्बरच्या हल्ल्याच्या सहा दिवस आधी, रीतसर त्या देशाचा नागरिक झाला. मायदेशावर बाँब पडत असताना याने घर बदलले, हा आक्षेप इंग्लंडात काहींनी घेतला. त्या आक्षेपाला त्याने शब्दांनी काय उत्तर दिले हे मला महत्त्वाचे वाटत नाही. 24 मार्च 1946 पासून तो दर आठवड्याला मायदेशाला एक पत्र पाठवू लागला, हेच मला त्याचे उत्तर वाटते. मुलगा घर सोडून जातो आणि मग पत्रे लिहीत राहतो. आमच्या घरात ही गोष्ट समजावून द्यावी लागत नव्हती.

करार तेरा आठवड्यांचा होता. पत्रे चालली अठ्ठावन्न वर्षे, आणि त्यांची संख्या भरली 2,869. न्यूयॉर्कच्या फिफ्थ ॲव्हेन्यूवरील, सेंट्रल पार्ककडे पाहणाऱ्या आपल्या घरी तो टंकलेखन यंत्रापुढे बसे. आज कशावर लिहावयाचे हे बसेपर्यंत ठरलेले नसे असे तो सांगे. आणि मला ते खरे वाटते, कारण ठरवून लिहिलेल्या निबंधाला जी इस्त्री असते ती त्याच्या पत्रांना नव्हती. तरीही ती तोंडाला येईल तसे बोलणे नव्हती. शब्द न् शब्द लिहिलेला असे. मात्र तो कानासाठी लिहिलेला असे, डोळ्यांसाठी नव्हे. लाखो श्रोत्यांच्या सभेपुढे भाषण करावयाचे नसून खोलीतल्या एखाद-दोन माणसांशी बोलावयाचे आहे, ही गोष्ट नभोवाणीवरील फार थोड्या वक्त्यांना उमगली. कुक हा त्यांचा शिरोमणी. आपल्याकडील लघुनिबंधकारांनी गप्पांची जी लकब कागदावर आणण्याचा प्रयत्न केला ती या माणसाच्या जिभेवर उपजत होती.

त्याच्यात दोष नव्हते असे नाही. त्याची अमेरिका ही पुष्कळशी सुखवस्तू माणसाची अमेरिका होती. पंचावन्नाव्या वर्षाच्या सुमारास तो गोल्फ शिकला आणि नवमुस्लिमाच्या निष्ठेने त्या चेंडूच्या मागे लागला. श्रोत्यांनाही त्याने त्याच्या मागून चालावयास लावले. खोलीतील वातावरण बिघडू नये म्हणून पाहुण्याने कडू विषय टाळावा, तसे तो कधी कधी करीत असे, असा आरोप टीकाकारांनी केला, आणि तो सर्वस्वी खोटा नाही. पण या आरोपाचा विचार करू लागलो की माझे मन चाचरते. त्याचे कारण मला आता सांगितलेच पाहिजे.

मी रेडिओजवळ वही घेऊन बसे. न समजलेले शब्द लिहून घेई, वर तारीख घाली. आई निवडणटिपण करीत तिथेच असे. इंग्रजी तिला कळत नव्हते. परंतु अमेरिकेहून पत्र आले आहे आणि ते मी ऐकत आहे, एवढे तिला पुरेसे होते. आवाज थांबला की ती विचारी, “काय म्हणाला रे आज तुझा साहेब? आपल्या दादाच्या गावाकडे गेला होता का?” पहिल्या दिवशी मी हसलो. दुसऱ्या दिवशी तिचा चेहरा पाहून हसणे मला साधले नाही. मग मी सांगू लागलो. पानगळीचे रंग सांगितले, बर्फाने दारे कशी अडतात ते सांगितले, नोव्हेंबरात सगळी घरची माणसे दूरदूरच्या गावांहून एका पंगतीला कशी येतात ते सांगितले. हळूहळू त्या पंगतीत दादा बसू लागला. कुकचे वाक्य कुठे संपते आणि माझे कुठे सुरू होते याची सीमा पुसट झाली. “साहेब म्हणतो, तिकडे आपली पुष्कळ मुलं आहेत, अंगात गरम कोट असतात, काळजी नसावी,” असे मी एकदा धडधडीत सांगून मोकळा झालो. कुकने त्या दिवशी बेसबॉलवर भाषण केले होते.

आणि मग 1968 साल उजाडले. एप्रिलच्या चार तारखेला मार्टिन ल्यूथर किंग यांचा खून झाला आणि अनेक शहरे पेटली. शिकागोच्या पश्चिम भागात जाळपोळ झाली, लष्कर रस्त्यावर आले. दादाचे पत्र आले: ‘इकडील सर्व क्षेम. बर्फ वितळले.’ जूनमध्ये रॉबर्ट केनेडी यांना लॉस एंजलिसच्या एका हॉटेलात गोळ्या घातल्या गेल्या. विजयाची सभा आटोपून ते मागच्या मुदपाकखान्याच्या वाटेने जात होते, आणि दैवयोग असा की कुक त्या रात्री तिथेच होता. आयुष्यभर दुरून पाहून लिहिणाऱ्या या माणसापुढे प्रत्यक्ष रक्त येऊन पडले. त्यावरचे त्याचे पत्र मी ऐकले. आवाज नेहमीचाच होता, पण पाय पसरून बसलेला पाहुणा त्या दिवशी ताठ उठून बसला होता. गर्दी, किंकाळ्या, जमिनीवरचा तो चेहरा, सारे त्याने सांगितले. आणि या पापाचे ओझे साऱ्या समाजाच्या माथी मारून मोकळे होणाऱ्यांत सामील व्हावयास त्याने साफ नकार दिला. माझ्या वहीत त्या दिवशी एकही शब्द उतरला नाही. नुसती तारीख घातली होती.

“काय म्हणाला रे आज?” आईने विचारले.

“आज समुद्राबद्दल बोलला,” मी म्हणालो.

तिने सूप उचलले आणि ती आत गेली.

पुढचे सांगण्यासारखे थोडेच आहे. दादाने पदवी घेतली, नोकरी धरली, तिथलाच झाला. पहिली दोन वर्षे तो रात्री एका खाणावळीत भांडी घाशीत असे, हे त्याने मला 1981 साली, तेही हसत हसत, सांगितले. अण्णा गेले, 1994 साली आई गेली. कुक मात्र बोलतच राहिला. 2001 च्या सप्टेंबरात न्यूयॉर्कचे मनोरे कोसळले तेव्हा ब्याण्णव वर्षांच्या या वृद्धाने आपल्या शहराविषयी लिहिले. 2004 च्या फेब्रुवारीत त्याचे अखेरचे पत्र प्रक्षेपित झाले. मार्चच्या आरंभी वैद्यांच्या सल्ल्यावरून त्याने निवृत्ती जाहीर केली, आणि 30 मार्चला तो गेला. पत्र थांबले आणि माणूस थांबला, यांत फारसे अंतर पडले नाही.

त्याची टंकलिखित पत्रे आज बॉस्टन विद्यापीठात जतन करून ठेविली आहेत. पण पुष्कळशा पत्रांचे ध्वनिमुद्रण बीबीसीने जपलेच नव्हते. पुढे 2014 साली उघडकीस आले की इंग्लंडातील काही सामान्य श्रोत्यांनी आपल्या घरच्या यंत्रावर ती वर्षानुवर्षे टिपून ठेविली होती, आणि अशी शेकडो हरवलेली पत्रे त्यांच्या कपाटांतून परत मिळाली. पाठवणाऱ्याने टाकून दिलेले घेणाऱ्याने सांभाळावे, ही पत्रांच्या बाबतीत जुनीच रीत आहे.

ती रीत मला ट्रंकेपुढे बसलो असता आठवली. दादाचे 1968 च्या एप्रिलचे पत्र मी उघडले, तो त्याला टाचणीने एक कात्रण जोडलेले होते. मराठी वर्तमानपत्राचे, पिवळे, घडीवर फाटलेले. शिकागोतील जाळपोळीची बातमी होती. टाचणी गंजून तिचा तांबूस डाग ‘सर्व क्षेम’ या शब्दांच्या बाजूला उमटला होता. गठ्ठ्याच्या तळाशी माझी वही होती. ती तिथे कशी गेली मला ठाऊक नाही. मी ती हरवली असे समजून होतो. इंग्रजी अक्षरे आईला लागत नव्हती, पण तारखेचे आकडे लागत असत. जूनच्या त्या कोऱ्या पानावर, तारखेच्या खाली, दुसरे कात्रण होते. केनेडींच्या खुनाचे.

अण्णांच्या नंतर दुपारी वर्तमानपत्र उघडून आई ते शेवटच्या जाहिरातीपर्यंत वाचीत असे, हे मी रोज पाहत होतो.

गेल्या रविवारी दादाचा फोन आला. तो आता ब्याऐंशी वर्षांचा आहे. जिना चढताना दम लागतो असे सूनबाईकडून कळले होते. तो त्याविषयी बोलला नाही. बर्फ पडले आहे म्हणाला. ट्रंकेचे सांगावे असे दोनदा माझ्या ओठांवर आले. “तिकडे काय विशेष?” त्याने विचारले. इकडे सर्व क्षेम आहे, असे मी सांगितले.