धारवाड लागले, तू लागली नाहीस

माझा पहिला कार्यक्रम पंधरा मिनिटांचा होता. त्यातली साडेचार मिनिटे रेडिओवर काहीच ऐकू आले नाही. मी वसतिगृहात मैत्रिणींबरोबर ऐकत बसले होते. आधी वाटले, मोबाइलचा रेडिओच बंद पडला. मग पळत केंद्रावर गेले तर खोलीला कुलूप. ज्याची पाळी होती तो मुलगा कार्यक्रमांची यादी संगणकावर लावून परीक्षेला गेला होता.

चूक त्याची नव्हती, माझी होती. संपादन करताना मी मधला एक तुकडा तात्पुरता बंद केला होता आणि तो तसाच राहिला. फाइल तयार झाल्यावर मी सुरुवात ऐकली, शेवट ऐकला आणि पाठवून दिली.

मी जोयडा तालुक्यातली. कुंभारवाड्याच्या बाजूला आमची वाडी आहे. घरात कोकणी, शाळेत मराठी, कचेरीत कन्नड. शिकायला पुण्यात आले आणि पहिल्याच महिन्यात कॅम्पस रेडिओत नाव दिले. पुण्यात अशी केंद्रे बरीच आहेत. विद्यापीठाची ‘विद्यावाणी’ १०७.४ वर लागते, फिल्म इन्स्टिट्यूटचे केंद्र ९०.४ वर. मी जिथे काम केले त्याचे नाव लिहीत नाही. इथल्या चुका आम्हा मुलांच्या आहेत, त्या संस्थेच्या नावावर पडायला नकोत. तालुक्यातून पुढे शिकायला जाणारी मुले अशा कामात पडतील, त्यांच्यासाठी हे लिहिते आहे.

पहिल्या बैठकीला आम्ही बावीस जण होतो. दिवाळीनंतर सात उरलो. कोणी आळशी नव्हते. प्रात्यक्षिके, परीक्षा, घरचे आजारपण, नोकरीच्या मुलाखती, सगळी खरी कारणे. पगार नाही, हजेरी नाही, मग रेडिओच आधी सुटतो. आम्ही सात जण दोन महिने बाकीच्यांवर चिडत राहिलो. चिडून एकही पाळी भरली गेली नाही.

उपयोग झाला तो साध्या गोष्टींचा. एका पाळीला एक नाही, दोन नावे लिहायची. परीक्षेच्या काळासाठी आठवडाभर पुरतील इतके कार्यक्रम आधीच तयार ठेवायचे. फाइल ज्याने केली त्याने नाही, दुसऱ्याने पूर्ण ऐकायची आणि वहीत सही करायची. ही शेवटची सवय माझ्या साडेचार मिनिटांमुळे लागली. वहीत त्या दिवसाची नोंद मीच केली. लिहिताना हात जड झाला होता.

मे महिन्यात एक वरचा विद्यार्थी पदवी घेऊन गेला. संगणकाचा पासवर्ड फक्त त्यालाच माहीत होता आणि केंद्राचा ईमेल त्याच्या खासगी फोन नंबरला जोडलेला. तो परगावी, नंबर बदललेला. आठ दिवस जुनेच कार्यक्रम पुन्हा पुन्हा लागत होते. तेव्हापासून पासवर्ड पाकिटात घालून कार्यालयातल्या कपाटात ठेवतो आणि दरवर्षी एप्रिलमध्ये जाणारा येणाऱ्याला शेजारी बसवून तीन पाळ्या करून दाखवतो. विद्यार्थ्यांचे केंद्र दर दोन वर्षांनी नव्याने जन्मते. माणसे जाणारच, म्हणून कामाची पद्धत कागदावर असावी लागते.

केंद्राच्या त्या जुन्या वहीच्या पहिल्या पानावर आमच्या आधीच्या कोणीतरी थोडा इतिहास लिहून ठेवला होता. आकाशातल्या लहरी ही जनतेची मालमत्ता आहे, असे सर्वोच्च न्यायालयाने १९९५ साली सांगितले. २००२ मध्ये शिक्षणसंस्थांना स्वतःचे रेडिओ केंद्र काढायची वाट खुली झाली. चेन्नईच्या अण्णा विद्यापीठाचे केंद्र २००४ मध्ये सुरू झाले. स्वयंसेवी संस्थांना परवानगी २००६ मध्ये मिळाली. त्याखाली नियम: निम्मे कार्यक्रम तरी इथेच तयार झालेले हवेत, आणि स्वतःच्या बातम्या द्यायच्या नाहीत. हे नियम पाठ असले की कोणी ‘आमची बातमी लावा’ म्हणत आले तरी अडखळायला होत नाही.

त्या वर्षी थंडीत मी घरी गेले ती रेकॉर्डिंगचे एक यंत्र उसने घेऊन. आमच्याकडे कुणबी लोक परसात आणि कुमरीच्या, म्हणजे फिरत्या शेतीच्या, जुन्या जागांवर नाना तऱ्हेचे कंद लावतात. कणगां, करांदे, मुडली, सुरण. जोयड्याला त्यांचा मेळाही भरतो. काकीला या सगळ्यांची माहिती आहे. कोणता कंद कधी काढायचा, कोणता उकडायचा, कोणता राखेत भाजायचा, बियाणे कुठे ठेवायचे. तिचे बोलणे रेडिओवर लावायचे असे मी ठरवले.

पहिला दिवस फुकट गेला. मी प्रश्न मराठीत विचारले. रेडिओसाठी नीट बोलायला हवे, असे मला वाटत होते. काकीसुद्धा शाळेतल्या बाईंसमोर उभे राहिल्यासारखी एकेक शब्द जुळवून बोलली. तीन वाक्ये झाली की गप्प. शेवटी तिनेच विचारले, “आमची भास रेडिओर चलता?” मला चटकन उत्तर देता आले नाही. पुण्यात दीड वर्ष मी माझी बोली लपवत होते. हेल ओळखू येऊ नयेत म्हणून वर्गात कमी बोलायचे. मी ‘चलता’ म्हटले आणि दुसऱ्या दिवशी कोकणीत विचारायला बसले. काकी पाऊण तास थांबली नाही.

तो पाऊण तास मी गमावला. संध्याकाळी वीज गेली होती. अंधारात यंत्रात दुसरे कार्ड घालायला गेले, पडद्यावर काहीतरी विचारले, मी ‘होय’ दाबले. कार्ड पुसले गेले. पहिले कार्ड कोणते आणि दुसरे कोणते, हे मी लिहून ठेवले नव्हते. रात्री काकीला सांगायचा धीर झाला नाही. सकाळी सांगितले. ती म्हणाली, आज भाताची मळणी आहे, परवा बसू. तिसऱ्यांदा ती पूर्वीइतके बोलली नाही. चांगले बोलली, पण एका गड्ड्याची गोष्ट तिने त्या पाऊण तासात सांगितली होती ती पुन्हा आली नाही. मीही ताणून विचारली नाही.

तेव्हापासून कार्ड भरले की त्यावर चिकटपट्टी लावून तारीख लिहिते, आणि घरी पोचून दोन ठिकाणी उतरवल्याशिवाय काहीही पुसत नाही.

आणखी काही गोष्टी तिथेच शिकले. आमच्याकडच्या पत्र्याखाली आवाज घुमतो. अंगणात वारा लागतो. सगळ्यांत चांगला आवाज भाताच्या पोत्यांच्या खोलीत आला. माइकवर सुती मोजा चढवला की वारा कमी होतो. बोलणे संपल्यावर त्याच खोलीत अर्धे मिनिट कोणी काही न बोलता नुसते रेकॉर्डिंग चालू ठेवायचे. पुढे तुकडे जोडताना ती शांतता कामी येते.

शेजारचे एक काका मधाबद्दल आणि रानातल्या वाटांबद्दल मोकळेपणी बोलले. रात्री ते घरी आले आणि म्हणाले, ते नको लावूस. आमचा भाग काळी व्याघ्र प्रकल्पाचा. काय बोलावे याचा माणूस दोनदा विचार करतो. मी त्यांच्यासमोरच तो भाग काढला. बोलण्याआधी परवानगी घेतली होती, पण ती पुरत नाही. बोलून झाल्यावर, घरी जाऊन विचार केल्यावर माणसाला काय वाटते हेही विचारावे लागते.

पुण्यात परत आल्यावर प्रश्न आला, ऐकणाऱ्याला हे कळेल का? मी आधी काकीच्या आवाजावर माझे मराठी चढवले. ऐकले तर काकी मागे कुठेतरी पुटपुटत होती. ते काढून टाकले. मग तिचे दोन-तीन मिनिटांचे बोलणे पूर्ण ऐकू द्यायचे आणि मध्ये मी थोडक्यात मराठीत सांगायचे, असे केले. केंद्रावरच्या सरांनी मान्य केले. कार्यक्रम शनिवारी सायंकाळी लागला. या वेळी पूर्ण लागला.

मी घरी फोन करून वेळ कळवली होती. आमच्याकडे रेंज एका माळावरच येते. त्यामुळे निरोप भावामार्फत गेला. पुणे ते आमची वाडी चारशे किलोमीटरच्या वर. तिकडे केंद्र लागणार नाही, हे मी सांगितले नाही. खरे सांगायचे तर ते माझ्या डोक्यातच आले नाही. कॅम्पस केंद्राचे प्रसारण शंभर वॅटचे, मनोरा जास्तीत जास्त तीस मीटरचा. आवाज दहा-बारा किलोमीटर जातो, तोही मध्ये डोंगर नसला तर, कारण एफएमची लहर सरळ रेषेत जाते. धारवाडचे आकाशवाणी मध्यम लहरीवर, ७६५ किलोहर्ट्झला. ती लहर जमिनीला धरून चालते, शिवाय तिची ताकद कितीतरी जास्त. म्हणून आजोबांच्या काळापासून आमच्या घरात धारवाडच लागते.

काकी चार बायकांना बोलावून ओसरीवर रेडिओ घेऊन बसली होती. आठवड्याने फोनवर म्हणाली, “धारवाड लागले, तू लागली नाहीस.” रागाने नाही, नुसते सांगितले. फोन ठेवल्यावर मी खूप वेळ जिन्यात बसून राहिले.

एप्रिलमध्ये कार्यक्रम मेमरी कार्डवर घालून नेला. भावाच्या छोट्या स्पीकरवर ओसरीवर लावला. वीसेक माणसे होती. काकी स्वतःचा आवाज ऐकून पदर तोंडाला लावून बसली. एका आजीने मध्येच थांबवले. माझ्या मराठी निवेदनात मी दोन कंदांची नावे उलटी सांगितली होती. पुण्यात कोणाच्याही लक्षात आले नव्हते. सही करणाऱ्याच्याही नाही. परतल्यावर ती दुरुस्ती पुढच्या भागाच्या सुरुवातीला लावली. आता गावाकडचा कोणताही कार्यक्रम आधी गावात ऐकवतो, मगच प्रसारित करतो. कार्ड पोस्टाने जाते, फोन येतो, त्यात दोन आठवडे मोडतात. तेवढे धरूनच तारीख ठरवतो.

ते कार्ड काकीने मागून घेतले आणि रेशनकार्डाच्या पिशवीत ठेवले. निघताना म्हणाली, धरणाखाली गेलेल्या सुपा गावाचा बाजार पाहिलेल्या तीन बायका अजून आहेत, त्यांच्याकडे कधी बसतेस? पावसात आमच्याकडे पत्र्याखाली काही ऐकू येत नाही. दसऱ्यानंतर जाणार आहे. कार्डे दोन घेतली आहेत, चिकटपट्टीही.